भिंत मळू द्या

२ मार्च ८६
वाचणाऱ्या, चष्मा शोधू नको, तुह्याच कपाळावर हाये. मी भागीरथा, सिंदेवाहीकडची. सांगतो मी, लिहिते शेजारची शांता. अक्षर येत नाई, पण याद तुह्याहून बरी.
नातू मनोहर मुंबईहून आला, संगं पिक्चरवाले चार पाव्हणे. इतके वर्सं दुसऱ्याच्या पिक्चरचा कॅमेरा धरला. आता सोताचा पिक्चर करते, मोहाच्या फुलावर अन् माह्यावर.
"आजी, या बारीनं मी डायरेक्टर."
"तो काय करते?"
"तो सांगते, बाकीचे करतेत."
म्हटलं, तुह्या आजानं जलमभर तेच केलं.

३ मार्च
दिवसभर शूटिंग. मी नेहमीच्या जागी, भिंतीले टेकून, मोह निवडत. "आजी, इकडं पाहू नको." वर्सानं आला, अन् म्हणते पाहू नको. अर्धं झालं. बाकीचं उद्या.

४ मार्च
घात केला मी. एवढे पाव्हणे फोटो काढून राह्यले अन् मांगं भिंत मळकी. अंधारातच उठून पांढऱ्या मातीनं पोतारली, नवं लुगडं नेसलं. नातू म. दारातच थबकला.
"आजी, कालची भिंत कुठी गेली?"
काल अन् आज मिळून एकच दिवस दाखवाचा होता म्हणे. माह्या डोक्याच्या तेलाचा डाग बी पायजे होता. मले काय मालूम, डागाले बी पिक्चरमदी काम रायते.
हासला. जेवला नाई.

६ मार्च
गेला. मुंबईत दुसऱ्याचा पिक्चर, कॅमेरा धराले बलावलं. "भिंत मळली का येतो, आजी."
घर लय मोठं झालं.

ऑगस्ट, पाणी सुरू
शूटिंगच्या पयल्या दिवशीचं जुनं लुगडं पेटीत ठेवलं. रोज त्याच जागी टेकून बसतो. चुलीचा धूर तिकडंच जाऊ देतो. शां. पोताराले आली, हाकललं.

दिवाळी
गावभर भिंती पांढऱ्याफेक. बाया म्हणतेत, "भागीरथाबाई, हात मोडले काय?" म्हटलं, डायरेक्टरचा हुकूम हाये.
पणती लावली. भिंतीकडं पाहत बसलो. तिच्याकडं पाहाले मनाई नाई.

जानेवारी ८७
शां.चा नवरा चंद्रपुरात पिक्चर पाहून आला. म.चं नाव होतं. "डायरेक्टर?" "नाई मावशी, कॅमेरा." बरं. कॅमेरा बी...
पुढचं लिहू नको, शांता.

मार्च
मोह झडाले लागला. डाग उमटला, जसाच्या तसा. शां. म्हणते कळवू काय? म्हटलं, काऊन? मोह कवा झडते, हे त्याले मालूम हाये.
शां.चा नवरा उद्या मुंबईले चालला. त्याच्या हाती जवसाची चटणी दे, लाखोळीची डाळ दे. मोहाची पोळी पाठवू नको. ते इथी, चुलीपाशी गरमच खाल्ली पायजे.