पाटीआधी डांबर

नगरसेवक झालेल्या पुतण्यास,

काल तू पुन्हा येऊन गेलास. चपला काढायच्या आधीच विचारलंस, "काकू, काकांची तब्येत काय म्हणते?" ठणठणीत आहे म्हटल्यावर तुझा चेहरा पडला, तो मी पाहिला.

आमच्या दारापुढच्या रस्त्याला यांचं नाव द्यायचं तू ठरवलंस, छान केलंस. पण जिवंत माणसाचं नाव नियमात बसत नाही म्हणे, आणि नवं डांबर पडणार ते नव्या पाटीबरोबरच. तोवर खड्डे तसेच! अरे, युद्धात डोक्यावरून गोळ्या जात असताना यांनी रणगाड्यांसाठी रस्ते बांधले. तोच माणूस आज चाकाच्या खुर्चीत बसून आपल्याच फाटकापुढे अडकतो, आणि मी दुखरे गुडघे घेऊन मागून ढकलते. परवा खुर्ची कलंडली, यांचं कोपर सोलवटलं. तरी हसून म्हणतात, "खालची खडीच नीट दाबलेली नाही."

नाव नको, पाटी नको, आधी डांबर टाक.

पण हे पत्र मी पाठवणार नाही. वाचलंस की लगेच तब्येत विचारायला धावत येशील, आणि तू येऊन गेलास की हे खुर्ची खिडकीशी न्यायला सांगतात. कालही बराच वेळ खिडकीतून रस्त्याकडे बघत बसले होते. मग मला म्हणाले, "मी जरा लवकर आटपतो. तुला भाजी आणायला सपाट रस्ता होईल."

यांना शंभरी गाठायला लावणारी,
तुझी काकू