पाद्रीबाबांच्या पत्राआधी वाचावे

यँक्टनच्या उत्तरेला, डकोटा
जूनची अकरावी, १८७९

तीर्थस्वरूप सासूबाई गुरो यांना जावई ऑस्मुंडचा टोपी काढून, मान खाली घालून नमस्कार. (मान खाली का, ते पुढे येईलच.)

तुमचा डावा गुडघा कसा आहे? उजव्याचं विचारत नाही, कारण तुमच्या तिन्ही पत्रांत त्याचा उल्लेख नाही, त्याअर्थी तो गुणी असावा. बकऱ्या दूध देतात ना? इकडे आम्ही सगळे खुशाल आहोत. 'सगळे' म्हणजे तुमची सिग्ने, मी, दागरोस गाय आणि आमच्या भिंतीत राहणारी उंदरांची काही कुटुंबं.

आता मुद्द्याचं. तुमचे मावसभाऊ पाद्री टॉफ्टे आमच्याकडे येऊन गेले. पोरीचा संसार एकदा डोळ्यांनी बघून ये, असं तुम्हीच त्यांना कळवलं होतंत, हे त्यांनी मला तिसऱ्या दिवशी चिखलात उभं राहून सांगितलं. त्यांचं पत्र तुम्हाला येईलच. पाद्रीबाबा खोटं लिहीत नाहीत, हीच माझी अडचण आहे. म्हणून माझं पत्र आधी पोचावं अशी धडपड करतोय.

गेल्या वर्षी मी लिहिलं होतं की आमचं घर दुमजली आहे, जमीन लाकडी आहे आणि घरात काच आहे. यातला एकही शब्द सर्वस्वी खोटा नव्हता. इथं झाड म्हणून नाही. घर बांधायचं तर नांगरानं गवतासकट जमिनीचे पट्टे उलटायचे, त्यांचे तुकडे करायचे आणि विटांसारखे रचायचे. आम्ही टेकाडाच्या कुशीत खणून पुढच्या बाजूला अशा भिंती घातल्या आहेत. त्यामुळे मागच्या बाजूनं थेट छपरावर चालत जाता येतं. छपरावर गवत फार सुरेख येतं आणि दिवसभर दागरोस तिथं चरत असते. खाली आम्ही, वर ती. याला दुमजली नाही तर काय म्हणायचं? लाकडी जमीन म्हणजे पलंगासमोर एक फळी होती. आणि काच म्हणजे सिग्नेचा हातआरसा.

(जमीन मात्र भरपूर. एकशेसाठ एकर, सरकारनं फुकट दिलेली. इथल्या ज्या मूळच्या लोकांची ती होती त्यांना सरकारनं विचारलं नसावं. त्यांच्यातले दोघं एकदा घोड्यांवरून इथून गेले, थांबले, आमच्या घराकडे बराच वेळ बघत राहिले आणि निघून गेले. माझ्या कर्तबगारीकडे असं आजवर कुणी बघितलं नव्हतं, तुम्ही सोडून.)

पाद्रीबाबा गुरुवारी येणार असा निरोप मंगळवारी आला. सिग्ने पीठ मळत होती. मान वर न करता म्हणाली, "मग? वरचा मजला झाडून ठेवू का?"

"तू काळजी करू नकोस. मी बघतो."

"तू बघायला लागलास की मला काळजी लागते."

मी बैलगाडीच्या चार फळ्या काढल्या आणि दारापासून टेबलापर्यंत अशा मांडल्या की पाद्रीबाबांनी वाट सोडली नाही, तर त्यांचा पाय लाकडावरच पडेल. राहिली खिडकी. चार मैलांवर बोहेमियाहून आलेले वाव्रा नवराबायको राहतात. त्यांच्याकडे चौकटीसकट काचेची खिडकी आहे, या भागातली एकमेव. मी ती मागायला गेलो. वाव्राची बायको बोझेना आत गेली ती खिडकी कापून काढायला हातात करवत घेऊनच बाहेर आली. (तिची भाषा मला येत नाही, माझी तिला येत नाही. भांडण्यापुरतं इंग्रजी दोघांनाही येतं.)

"ने. पण गुरुवारी तीनला मी न्यायला येणार. मला बाहेर बघायची सवय लागलीय."

"बाहेर आहे काय बघायला?"

"काही नाही. पण ते काचेतून बरं दिसतं."

खिडकी पाठीवर बांधून मी चार मैल चालत आलो आणि भिंतीला मापाचं भोक पाडलं. सासूबाई, इथं मी माझी चूक कबूल करतो. ते भोक मी ज्या जागी पाडलं, नेमक्या त्याच जागी छपराची मुख्य तुळई टेकलेली होती. सिग्ने म्हणाली होती, "तिथं नको." पण ती दररोज इतक्या गोष्टींना नको म्हणते की त्यातलं खरं नको कुठलं, हे ओळखणं कठीण जातं.

गुरुवारी पाद्रीबाबा आले. फळ्यांवरून चालत टेबलाशी बसले, खिडकीकडे बघून "वा" म्हणाले. सिग्नेनं बटाट्याचे पातळ लेफ्से लाटून गरम गरम वाढले, जपून ठेवलेलं तपकिरी चीज काढलं, गव्हाचे दाणे भाजून केलेली कॉफी दिली. मी मनात म्हटलं, ऑस्मुंड, निभावलंस.

मग त्यांनी आढ्याकडे बघितलं. "वरच्या मजल्यावर जायचं कुठून?"

"बाहेरून," मी म्हटलं. यात काही खोटं नव्हतं.

"वर कोण असतं?"

"एक बाई आहे. फार शांत."

तेवढ्यात वरून शांत बाई हंबरली. सिग्ने चुलीकडे तोंड करून उभी होती, तिचे खांदे हलायला लागले. पाद्रीबाबा सभ्य माणूस, त्यांनी डोळे मिटून जेवणाआधीची प्रार्थना सुरू केली. प्रार्थना लांब होती. वरून आपल्यावर जी कृपा उतरते तिच्याबद्दल ते आभार मानत असताना आढ्यातून आधी माती आली, मग एक खूर आला, मग तुळई कडाडली आणि अख्खी दागरोस टेबलावर उतरली.

गाय वाचली. टेबल गेलं. समोरची भिंत बाहेरच्या बाजूला आडवी झाली आणि तिच्या जागी, दोन ढेकळांच्या आधारावर, वाव्राची खिडकी एकटीच उभी राहिली, काचेला तडासुद्धा नाही. पाद्रीबाबांच्या दाढीत लेफ्से आणि डोक्यावर गवत. आणि सासूबाई, सिग्ने हसायला लागली. जमिनीवर बसून, पोट धरून, डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसली. मी तिला जानेवारीपासून हसताना बघितलं नव्हतं. मला त्या क्षणी छपराचं काहीच वाटलं नाही.

तीनला बोझेना आली. तिनं चौफेर बघितलं, आधी खिडकी सोडवून घेतली, मग सिग्नेला हाताला धरून गाडीत नेऊन बसवलं आणि माझ्याकडे वळली. ती काय बोलली ते तिच्या भाषेत होतं, पण सगळं समजलं.

पाद्रीबाबा त्याच दिवशी परत जातील असं मला वाटलं होतं. त्यांनी काळा कोट काढून नांगराच्या मुठीवर अडकवला आणि बाह्या सरसावल्या. तीन दिवस ते माझ्याबरोबर ढेकळं रचत होते आणि खरं सांगतो, त्यांची भिंत माझ्यापेक्षा सरळ आहे. निघताना त्यांनी बोझेनाकडून परत आलेल्या सिग्नेला विचारलं, "गुरोला काय कळवू?" ती म्हणाली, "कळवा, मी बरी आहे. आणि छप्पर आता पक्कं आहे."

तर एकंदरीत असं. घर सध्या एकमजली आहे, टेकाडाच्या बाजूनं कुंपण घातलंय. इकडे येण्याचा तुमचा विचार असल्याचं पाद्रीबाबा म्हणाले. माझं प्रामाणिक मत विचाराल तर येऊ नये. महिनाभराचा प्रवास, त्यात समुद्र, पुढे यँक्टनला आगगाडी संपते आणि तिथून दोन दिवस बैलगाडी. पाऊस बाहेर एक दिवस पडला की घरात तीन दिवस पडतो. छपरातून अधूनमधून साप उतरतात. (विषारी फारसे नसतात.) तुमच्या वयाला आणि डाव्या गुडघ्याला हे झेपणार नाही.

थोरांना नमस्कार, बकऱ्यांना गोंजारणं.

आपला आज्ञेत राहू इच्छिणारा,
ऑस्मुंड

ता. क. पाद्रीबाबांनी मी शिव्या दिल्याचं लिहिलं असेल तर त्या गाईला होत्या.

ता. क. (सिग्नेच्या हातचा) आई, मी हे सगळं वाचलं. गाय अख्खी टेबलावर नव्हे, निम्मी पाद्रीमामांच्या मांडीवर पडली. बाकी ठीक लिहिलंय. मी ठणठणीत आहे. तू उगाच समुद्रावरून येण्याचा हट्ट करू नकोस, इथं कशाचीही गरज नाही.

ता. क. सासूबाई, ती दूध काढायला गेलीय, म्हणून घाईत लिहितो. जानेवारीत तिला ताप आला होता असं आम्ही कळवलं. तो ताप नव्हता. मुलगी झाली होती, दोन दिवस जगली. बर्फामुळे बोझेना पोचली तेव्हा उशीर झाला होता आणि मला काहीच येत नव्हतं. मी नुसता पाणी तापवत बसलो होतो. तुम्हाला कळवायचं नाही अशी सिग्नेनं मला शपथ घातली होती, ती मी आत्ता मोडली. आता नोव्हेंबरअखेरीस पुन्हा दिवस भरतील. ती एकटी असताना पोटावर हात ठेवून बसते आणि मी आत आलो की हात काढते. वर जे येऊ नका म्हणून लिहिलंय, ते तिनं शेजारी उभं राहून लिहून घेतलंय. तुम्ही सप्टेंबरात निघा. यँक्टनहून गरज पडली तर मी तुम्हाला पाठीवर घेऊन येईन. माझ्यावर रागवायचं असेल, आणि रागवायला हवंच, तर इथं येऊन रागवा.