मंजुळा घसरून पडली नव्हती

महिला बराक, पुणे
१४ मार्च

ती. दादा,

तुला आणि वहिनीला नमस्कार. मी बरी आहे, दोन वेळा जेवते, खोकलाही कमी झालाय. आईला एवढंच वाचून दाखव. पुढचं तू एकट्याने वाच.

इथलं टपाल आधी तुरुंगवालेच उघडून वाचतात, म्हणून हे वकीलबाईंच्या हाती देतेय.

तीस जणींच्या बराकीत आम्ही ऐंशी जणी ओल्या फरशीवर झोपायचो. माझ्या शेजारची मंजुळा सात महिन्यांची गरोदर होती. मंगळवारी सकाळी तिला रक्त जायला लागलं. मी पंधरा वर्षं नर्स होते, मला कळत नाही का? मी पहाऱ्यावरच्या बाईंना म्हटलं, "हिला आत्ताच्या आत्ता दवाखान्यात न्या."

"नाटकं बंद करा."

मंजुळाने पाय धरले, तर तिला लाथेने ढकललं. गाडी दुपारी चारला आली. बाळ गेलं.

मग जेलरसाहेबांनी कागद आणला : ती न्हाणीघरात घसरून पडली. बाकीच्यांनी घाबरून सह्या केल्या. मला गोड आवाजात म्हणाले, "आपण शिकलेल्या आहात, जामिनाचा विचार करा."

केला विचार. खरं काय घडलं ते त्याच कागदावर वेळेसकट लिहिलं आणि खाली सही ठोकली. आता मला वेगळं कोंडलंय, घरच्यांच्या भेटी बंद आहेत.

आईचे गुडघे कसे आहेत? शुक्रवारी मंजुळाची तक्रार घेऊन वकीलबाईंबरोबर कोर्टात जा. लोक काय म्हणतील, हे मला विचारू नकोस. मंजुळाला परत आणून त्याच ओल्या फरशीवर झोपवलंय.

तुझी,
अस्मिता