ताईवर बेतलेली सुपरहिरो

१२ जानेवारी

झगा पाचव्यांदा उसवला! दिग्दर्शिकाबाईंना तो हवेत फडफडायला हवा, स्टंटवाल्यांना दोरीत अडकायला नको, आणि नायिकेला त्यात बारीक दिसायचंय. मी शिंपीण आहे, जादूगार नाही!

त्यात गोष्टीचाच पत्ता नाही. आमच्या सुपरहिरोला आगीतून चालता येतं, ठीक. पण ही शक्ती आली कुठून? पटकथेत तिच्या अंगणात उल्का पडते. वाचताना बाईंनाच जांभई आली.

१४ जानेवारी

नायिकेचं माप घेत होते. तोंडात टाचण्या, तरी गप्प बसवेना. बाई विचारत होत्या, "साध्या मुलीत एवढं बळ येतं कशानं?"

म्हटलं, "धाकटी बहीण आगीत अडकली की येतं."

मग सगळं सांगूनच टाकलं. मी वर्षाची, ताई बारा वर्षांची. आई-बाबा कामावर. इमारतीला आग लागली आणि ताईने मला ओल्या चादरीत गुंडाळून तीन मजले खाली आणलं. घरी कोणी आलं की आई हे सांगायचीच. पाहुणे विसराळू असले तर दोनदा.

बाई ताडकन उठल्या. "उल्का गेली खड्ड्यात!"

नायिका रडली. मेकअपवाला माझ्यावर डाफरला.

२० जानेवारी

नवा झगा: करडा, जाड, ओल्या चादरीसारखा. उसवला नाही!! ताईला काहीच सांगितलेलं नाही. थेट पडद्यावर बघू दे.

९ मार्च

आज जिन्याचा प्रसंग. छोटी मुलगी, कडेवर बाहुली (खऱ्या बाळाने भोंगा पसरला म्हणून). धूर खोटा, खोकला खरा. शेवटच्या टेकला मी कपड्यांच्या रॅकमागे ढसाढसा.

१८ ऑगस्ट

चित्रपट लागला! ताई माझ्या शेजारी. जिना आला तसा मी तिचा हात धरला. गार पडला होता. लोक टाळ्या पिटतायत, शिट्ट्या मारतायत—आणि ही "एसी फार आहे" म्हणून उठून बाहेर.

नंतर विचारलं, आवडला ना?

"झगा छान शिवलायस."

एवढंच! ताईचं कौतुक असंच, मोजूनमापून.

२ सप्टेंबर

तुफान चाललाय. पोरी चादरी पांघरून जिने उतरतायत. आमच्या इमारतीच्या व्यवस्थापकाने तर जिन्यातली सगळी अडगळ हलवली! सायकली, मोडकं कपाट, पहिल्या मजल्यावरच्या आजोबांची व्यायामाची गादी. वर मलाच म्हणतो, "आग लागली तर उतरायचं कुठून? चित्रपट बघितला नाहीत वाटतं!"

दहा वर्षं मी हेच ओरडत होते. तेव्हा कानात बोळे.

५ सप्टेंबर

अग्निशमन दल ताईचा सत्कार करणार! बाईंनी त्यांना खरी गोष्ट सांगितली म्हणे. ताई दवाखान्यातून आली (दातांच्या डॉक्टरकडे ती पेशंटचे नंबर लावते), तशी मी बातमी फोडली.

"मी येणार नाही."

"अगं, का?"

"दात दुखतोय."

"आणि काम कुठे करतेस?"

हसली नाही. मग माझंही डोकं फिरलं. म्हटलं, एवढा मान मिळतोय, कसले नखरे करतेस! दार आपटून गेली.

६ सप्टेंबर

ताई सकाळीच आली. बसलीसुद्धा नाही.

"मी तुला आणलंच नव्हतं. घाबरले आणि एकटीच पळाले. तू पाळण्यात होतीस. समोरच्या काकूंनी तुला ओल्या चादरीत गुंडाळून आणलं. माझ्या कडेवर दिलं आणि सासूबाईंना आणायला परत वर गेल्या. लोक आले तेव्हा तू माझ्याजवळ होतीस. सगळे मलाच शाबासकी द्यायला लागले."

"आणि काकू?"

"नाही आल्या खाली."

तिला खुर्चीवर बसवलं. पाणी दिलं. ती प्यायली, मग रडली. मीही.

थोड्या वेळाने बाईंना फोन लावला. म्हटलं, चित्रपटात एक नाव घालायचं राहिलंय, अगदी सुरुवातीला. त्या म्हणाल्या, कोणाचं?

मी फोन ताईच्या हातात दिला.