दोन फ्रेम जास्त

३ तारीख, सोमवार
आलो बुवा एकदाचा! नव्या स्टुडिओतली संकलनाची खोली ऐसपैस आहे. दोन पडदे, न कुरकुरणारी खुर्ची, खिडकीपाशी चहाची किटली. बारा वर्षं दुसऱ्यांचे चेहरे कापले, जोडले. माझं थोबाड मात्र कुत्रंसुद्धा ओळखत नाही. दिग्दर्शकसाहेबांनी आल्याआल्याच सांगितलं की इथली रीत आहे, संकलकाला सिनेमात छोटी भूमिका मिळते. बायको म्हणाली, आधी दाढी तरी कर. सहा वर्षांच्या चिमणीनं, आमच्या लेकीनं, अख्ख्या इमारतीत दवंडी पिटली.

९ तारीख
पोस्टमन झालो. चार शॉट, एक वाक्य. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. खोटं कशाला बोलू, डोळे भरून आले.

१४ तारीख
साहेब म्हणाले, पोस्टमन रेंगाळतोय, पहिला शॉट उडव. म्हणजे माझ्याच हातानं मला! मेला दुष्ट. उडवला.
घरी फ्रिजवरच्या सहलीच्या फोटोत मी नाही. बायको म्हणते, फोटो तूच काढला होतास. अरे, चिमणी माझ्या खांद्यावर बसली होती! आता ती बाकावर बसलीय.

१७ तारीख
दुसराही गेला. पहारेकऱ्यानं ओळखपत्र मागितलं. काल माझ्या पैशानं चहा ढोसला होता त्यानं.

१८ तारीख
टाकलेल्या शॉट्सच्या फोल्डरात माझ्या खाली आणखी सात जण निघाले. एक वेटर, एक डॉक्टर, एक हमाल... प्रत्येकापुढे हुद्दा एकच: संकलक. चहावाल्या मावशींना विचारलं, हे गेले कुठे? म्हणाल्या, ही खुर्ची तर कायम रिकामीच बघितलीय.
माझे दोन्ही शॉट परत जोडले. पडद्यावर नुसतं रिकामं दार.

२१ तारीख
तिसरा काढायला साफ नकार दिला. मी जेवायला गेलो तेवढ्यात साहेबांनीच काढला.
बायकोनं दार उघडलं. विचारलं, कोण हवंय आपल्याला? आपल्याला! आतून चिमणी ओरडली, बाबा आला. तिला तरी —

२२ तारीख, दुपारी
शेवटचा शॉट. पोस्टमन दारातून वळतो. एवढ्यावरच चिमणी मला ओळखते. नाही उडवणार. आतून कडी लावलीय. साहेब दार ठोकताहेत. ठोका. पाचला सिनेमा बाहेर जाईल, मग सुटलो —

पावणेपाच
एकदा बघितला. वळताना अडखळतो. दोन फ्रेम जास्त आहेत. शॉट राहीलच, फक्त शेपटाच्या दोन. सेकंदाचा बारावा भाग. एवढ्यानं काय —
काढल्या. बरं झालं. नाही, अजून दोन —
ठोकणं थांबलं.
फोन वाजला. चिमणी. नंबर पाठ आहे तिला. म्हणाली, काका, माझा बाबा आहे का तिथं? काका म्हणाली. मी म्हणालो, अगं मीच. तिनं ठेवला —
परत जोडतो. सगळ्या परत — पण आता इथं झटका बसतोय. एवढा नीट करतो, एकच फ्रेम, मग लगेच चिमणीला फोन कर