बावीस जणांचे कान

३ मार्च
बाविसावा चेहरा संपला. आता एकच कॅनव्हास कोरा — त्याचा. स्मारकाच्या हॉलमध्ये युद्धात गेलेल्या तेवीस जणांची चित्रं लागायचीत, आणि माझाच नवरा तेवढा राहिलाय. लोकांना वाटतं, बाईने मुद्दाम शेवटी ठेवला, केवढं प्रेम! प्रेम कसलं. मला त्याचा चेहरा आठवत नाही. फोटो समोर धरला की नुसता फोटोच दिसतो.
हे सांगणार कुणाला?

५ मार्च
दिवसभरात फक्त दूधवाल्याशी बोलले. तेही "उद्या नको" एवढंच.

८ मार्च
फिल्मवाली पोरगी आली. या चित्रांवर फिल्म करतेय. "ताई, तेविसावं रंगवताना शूट करायचंय, दिवस सांगा ना." म्हटलं, रंग वाळायचाय. कोऱ्या कॅनव्हासवर कसला रंग! तिने पाहिलं, आणि भिंतीवरची बावीस चित्रंच शूट करून गेली.

११ मार्च
नवव्या चित्रातल्या जवानाची आई चित्र बघून गेली. जाताना हळूच म्हणाली, "छान झालंय हो. पण कान आमच्या धाकट्याचे नाहीत."
राग आला. फोटोत सगळ्यांच्या डोक्यावर हेल्मेट, कान झाकलेले. अंदाजानेच काढणार ना? तोंडावर "बघते" म्हटलं आणि दिवसभर धुसफुसत राहिले.

१६ मार्च
पोरीने शूट केलेलं लॅपटॉपवर दाखवलं. कॅमेरा भिंतीवरून सरकत होता. मी एका वेळी एकच चेहरा बघते. बावीस असे ओळीने कधी पाहिलेच नव्हते.
"ताई, सगळ्यांचा उजवा कान असा बाहेर आलेला का? कुणाचा आहे?"
मी लॅपटॉप मिटला. माझ्या नवऱ्याचा कान. "तुझी कटकट ऐकून ऐकून बाहेर आलाय," असं म्हणायचा तो.
ती गेल्यावर पोटभर रडले. विसरले विसरले म्हणत होते, आणि हात मात्र त्यालाच काढत बसला होता.

१७ मार्च
पण ती माणसं दुसऱ्यांची आहेत. बावीस घरी विचारून कान बदलावे लागतील. म्हणजे हा पुसायचा. बावीस वेळा.

१९ मार्च
नवव्याच्या आईला बोलावून शेजारी बसवलं. तिच्यासमोर पात्याने कान खरवडला आणि नवा काढायला घेतला. ती सांगत राहिली — "लहान. अजून थोडा लहान. हां, हा आमचा."

२० मार्च
तेविसावा सुरू केला. उजव्या कानापासून.