तुझं ‘जा’ आणि त्यांचं ‘या’

मनामा, बहरीन
शुक्रवार, १७ जुलै १९९२

माझ्या (बहुधा) रुसलेल्या मथुरेस, तिच्याहून अकरा दिवसांनी लहान असलेल्या नीलाचा वाकून नमस्कार.

तुझा गुडघा कसा आहे? गुरुप्रसादरावांच्या दुसऱ्या डोळ्याच्या ऑपरेशनची तारीख ठरली का? पहिल्या डोळ्याने आता सगळं स्वच्छ दिसायला लागल्यामुळे ते दिवसभर कोपऱ्यातल्या जळमटांवर बोलत असतात, असं तू होळीच्या पत्रात लिहिलं होतंस. ते तुझं शेवटचं पत्र. जूनपासून माझी दोन पत्रं तुला गेली आणि दोन फोन झाले. दोन्ही वेळा फोन गुरुप्रसादरावांनी उचलला आणि तू भाजी आणायला गेल्याचं सांगितलं. त्यातल्या एका वेळी तुमच्या घड्याळात दुपारचे दोन वाजले होते. (दुपारी दोनला पुण्यात भाजी कोण देतं ग? शिवाय मागे तू कुणाला तरी ‘नीलाच आहे ना?’ असं विचारत होतीस. बिचाऱ्यांना खोटं बोलायला लावू नकोस, त्यांना जमत नाही.) आमच्याकडे म्हणशील तर उष्मा चव्वेचाळीस, हेमचंद्रांचं ब्लडप्रेशर एकशे चाळीस आणि माझं वजन तू विचारलेलं नाहीस.

तर तू रागावली आहेस की नाही, एवढंच मला या पत्रातून काढून घ्यायचं आहे. मेच्या शेवटी मी फोन करून विचारलं होतं, की बकरी ईदच्या सुट्टीत इथली काही मंडळी स्वित्झर्लंडला निघाली आहेत, चार दिवसांत तीन शिखरं आणि पाच तळी, टूर फक्त इथल्या रेसिडेन्स व्हिसावाल्यांसाठी आहे, मी जाऊ का? तू म्हणालीस, ‘जा, जा.’ आणि फोन बंद झाला. लाईन तुटली की तू रिसीव्हर ठेवलास, ते मला आजवर कळलेलं नाही. मथुरा, ‘जा, जा’ दोन तऱ्हांनी म्हणता येतं. एक, डोक्यावर हात ठेवून. दुसरं, तू सातवीत असताना माझ्याशी कट्टी करून म्हणाली होतीस तसं.

मी विसरलेले नाही. नववीत असताना सिस्टर वॉलबर्गांच्या खोलीतल्या स्वित्झर्लंडच्या कॅलेंडरवरच्या तळ्याकडे पाहून आपण दोघींनी ठरवलं होतं, की तिथं जायचं ते बरोबरच. सिस्टर त्या कॅलेंडरचं पान कधी उलटायच्याच नाहीत, त्यामुळे आपल्या शाळेत दोन वर्षं जून महिना होता. त्या तळ्याकाठी बाक होता आणि बाकावर दोन जणांपुरती जागा होती. तुला सोडून मी एकटी तिथं बसून आले, असं तुला वाटत असेल तर ते मनातून काढून टाक. तसं काही घडलं नाही. जे घडलं ते ऐक, म्हणजे न आल्याबद्दल तू देवाचे आभार मानशील.

पहिली अडचण कपड्यांची. जून महिन्यात बहरीनमध्ये स्वेटर मागणं म्हणजे उन्हात उभं राहून उन्हाचा पत्ता विचारण्यासारखं आहे. बाब अल बहरीनच्या बाजारात मी अकरा दुकानं फिरले. शेवटच्या दुकानदाराने मला खुर्ची दिली, पाणी दिलं आणि घरचं कुणी बरोबर आहे का म्हणून विचारलं. तेव्हा आमचे शेजारी हारूनभाई मदतीला धावले. (हारूनभाई आणि झोहरा मूळचे रत्नागिरीकडचे, आमच्या भिंतीला भिंत लावून सोळा वर्षं राहतात. झोहराच्या हातची सांदणं मी तुला एकदा डब्यातून पाठवली होती, ती विमानात आंबली.) ते मीना सलमान बंदरावरच्या एका कोल्ड स्टोरेजमध्ये सुपरवायझर आहेत. तिथं शीतगृहात काम करणाऱ्यांना जाड, कापूस भरलेली, नारिंगी जॅकेटं मिळतात. मॅनेजरच्या परवानगीने त्यांनी चार जॅकेटं आणली, दोन आम्हाला आणि दोन त्यांना, कारण टूरला तेही दोघं येत होते. गुडघ्यापर्यंत लांब, अगदी नवी, फुकट. पाठीवर अरबीत मोठी अक्षरं होती. मी कंपनीचं नाव समजले. बावीस वर्षं इथं राहूनही मला अरबी भाजीबाजारापुरतं बोलता येतं, वाचता येत नाही. हेमचंद्रांना वाचता येतं, पण ते बँकेत आहेत ना, माहिती असून गप्प राहण्याची त्यांना सवय आहे.

झुरिकला उतरलो तर तिथं छान ऊन होतं आणि लोक अर्ध्या बाह्यांचे शर्ट घालून फिरत होते. आम्ही चौघं चार गॅस सिलिंडरांसारखे रांगेत उभे. आमचा गाईड पुढे आला, सहा फूट उंच, मिशीला टोकं काढलेली, हातात घड्याळ वेगळं आणि खिशात वेगळं. ‘मी उर्स,’ म्हणाला. ते तिकडचं अगदी नेहमीचं नाव आहे म्हणे. हारूनभाईंनी दोन्ही हातांनी त्याचा हात धरून मोठ्या आदराने विचारलं, ‘कुठल्या पिराचा?’ त्याला काही कळलं नाही, आम्हाला हसू आवरेना. त्या क्षणापासून टूर संपेपर्यंत तो आमच्यात ‘उरूस’च राहिला.

उरूसला आखाती लोकांची सवय होती. बस दोन वाजून दहा मिनिटांनी सुटेल, असं त्याने पहिल्याच दिवशी सांगितलं तेव्हा हेमचंद्र सवयीने ‘इंशाल्ला’ म्हणाले. त्याने नम्रपणे दुरुस्ती केली, की इंशाल्ला नाही, दोन वाजून दहा मिनिटं. तळ्यांचं म्हणशील तर पहिली तीन आम्ही बसमधून पाहिली. तो डावीकडे म्हणायचा तेव्हा मी चष्मा शोधत असायची आणि चष्मा सापडेपर्यंत बोगदा आलेला असायचा. कॅलेंडरवरचं तळं यातलं कुठलं, असं मी त्याला विचारलं. काठी बाक आहे, मागे डोंगर आहे, एवढी खूणही दिली. तो म्हणाला, मॅडम, आमच्या देशात असं नसलेलं एखादं तळं सांगा.

पहिल्या शिखरावर बर्फात उभं राहून फोटो काढत असताना शेजारी एक सौदी कुटुंब उभं होतं. आधी मुलं हसायला लागली, मग त्यांची आई तोंडावर बुरख्याचं टोक धरून हसायला लागली, मग त्यांच्या वडिलांनी येऊन हेमचंद्रांशी हस्तांदोलन केलं आणि आमच्या पाठीचा फोटो मागितला. पुढून नाही, पाठीचा. तेव्हा कुठे हेमचंद्रांनी सांगितलं, की पाठीवर ‘कोंबडी विभाग, गोठवलेली’ असं लिहिलं आहे. (मी तीन तास त्यांच्याशी बोलले नाही. पण जॅकेट काढलंही नाही, कारण थंडी खरोखरच कोंबडी गोठेल अशी होती.)

आता मुख्य प्रसंग सांगते. तिसऱ्या दिवशी डोंगराच्या मध्यावर एका छोट्या तळ्यापाशी अर्धा तास मोकळा मिळाला. पुरुष कॉफी प्यायला गेले. मी आणि झोहरा फिरत फिरत एका लाकडी शेडपाशी आलो. आत तारेवरचा एक पाळणा होता, आम्ही आलो त्याच्यापेक्षा लहान, उघडा, आत दुधाचे रिकामे कॅन. दाराशी एक म्हातारा पेपर वाचत बसला होता. मी आपल्या कॉन्व्हेंटच्या इंग्रजीत, शुद्ध उच्चारात, हा पाळणा फक्त सामानासाठी आहे का, असं विचारलं. त्याने पेपरातून मान वर न करता उत्तर दिलं, ‘या, या.’

आता तूच सांग, दारात उभ्या असलेल्या बाईला कुणी ‘या, या’ म्हटलं तर ती काय करते? मी आत गेले. झोहराला हाताला धरून ओढलं. ती म्हणत होती, ‘नीलाताई, हा मानूस बोलवत नाय, पेपर वाचतोय.’ पण मी म्हटलं, इतकं आगत्याने बोलावल्यावर पाठ फिरवणं बरं दिसत नाही. तेवढ्यात त्याने मागे न बघता बटण दाबलं आणि पाळणा निघाला. आमच्या पायाखालून आधी शेड गेली, मग तळं गेलं, मग झोहराचा धीर गेला. ती डोळे मिटून कलमा म्हणायला लागली. मी काय म्हणावं ते न सुचून शाळेतली सकाळची प्रार्थना म्हणायला लागले, आणि तुला सांगते, अख्खी आठवली.

वर एक लाकडी घर होतं, गुरं होती, दार अर्धं लोटलेलं. दारावर टकटक केली आणि माझ्या तोंडून आपोआप जे निघालं ते शाळा संपल्यानंतर निघालं नसेल: मे आय कम इन? आतून एका म्हाताऱ्या बाईचा आवाज आला, ‘या.’

मी उंबऱ्यातच उभी राहिले. सिस्टर वॉलबर्गा! खोलीच्या दाराशी आपण दोघी वह्या घेऊन उभ्या राहायचो आणि आतून हाच शब्द, याच सुरात यायचा. आपल्याला केवढं अप्रूप वाटायचं. घरी, वाड्यात, रस्त्यात सगळे ‘ये ग’ आणि ‘हो बाजूला’ म्हणायचे, आणि ही गोरी, एवढी मोठी बाई नऊ वर्षांच्या पोरींना मराठीत ‘या’ म्हणते, अहो-जाहो करते! त्या मानाखातर तू पेटीकोटाची लेस आत खोचायचीस आणि मी नाक पुसायची. (मी पुढे शिक्षिका झाल्यावर माझ्या वर्गातल्या मुलांनाही त्याचसाठी ‘या’ म्हणत आले. हेडमिस्ट्रेस हसायच्या.)

त्या म्हाताऱ्या बाईने आम्हाला बसवलं, ऊन दूध दिलं, जॅकेटांचा कापूस चिमटीत धरून पाहिला आणि पसंतीची मान हलवली. पंचावन्न मिनिटांनी उरूस पुढच्या पाळण्यातून वर आला तेव्हा त्याच्या मिशीची दोन्ही टोकं खाली आली होती. एकोणीस वर्षांत त्याची बस पहिल्यांदाच उशिरा सुटत होती. खाली हारूनभाई त्याला समजावत होते, की उरूस म्हटला की थोडा उशीर व्हायचाच. हेमचंद्रांनी नुसता माझा हात धरला आणि बसपर्यंत सोडला नाही, हे मी तुलाच सांगते.

बसमध्ये मी उरूसची क्षमा मागितली आणि सांगितलं, की त्या माणसाने मला स्पष्ट ‘या’ म्हटलं होतं. त्याला काही उमगेना. मग त्याने माझ्याच वहीत मोठ्या अक्षरांत लिहून दिलं. जे ए, वाचायचं ‘या’, म्हणजे ‘येस’.

मथुरा, सिस्टर ‘हो’ म्हणत होत्या. मे आय कम इन, सिस्टर? हो. संपलं. अठ्ठेचाळीस वर्षं आपण ज्या मानाने ताठ चालत आलो, तो त्यांच्या जर्मन भाषेतला साधा होकार होता. मी इतकी हसले, की चष्मा काढावा लागला, आणि चष्मा काढल्यावर रडायलाही लागले. बसमधल्या चौदा जणांना वाटलं, मला उंचीचा त्रास होतोय. झोहराने पाठीवरून हात फिरवला. हेमचंद्रांनी काय झालं म्हणून विचारलं. मी सांगायचा प्रयत्न केला, पण त्यांना लेस माहीत नाही, खोली माहीत नाही, आपण दोघी माहीत नाही. हा विनोद जगात एकाच माणसाला कळणार होता, आणि ते माणूस दुपारी दोनला भाजी आणायला गेलेलं होतं.

मग मी वही परत उघडली. या लोकांचा एक चमत्कार बघ. लिहितात ते वाचायला जावं तर ‘जा’, आणि म्हणतात ‘या’. झुरिकपर्यंत मी त्या दोन अक्षरांकडे बघत होते. तुझं फोनवरचं ‘जा, जा’ मी चुकीचं तर वाचलं नाही ना, एवढं मला सांग. रागावली असशील तर रागाचं पत्र लिही. रागाचं पत्रही मी तुझंच पत्र म्हणून उशाशी ठेवीन.

गुरुप्रसादरावांना नमस्कार, आणि त्यांना म्हणावं, जळमटं तशीच राहू द्यावीत.

तुझी (अकरा दिवसांनी धाकटी),
नीला

ता. क. जॅकेटं परत गेली. झोहराच्या जॅकेटला दुधाचा वास लागल्यामुळे हारूनभाईंना मॅनेजरला लेखी खुलासा द्यावा लागला. त्यांनी त्यात ‘गाय’ असं एकच कारण लिहिलं.

ता. क. २. वर लिहिलेलं सगळं खरं आहे, पण अर्धंच आहे. तुला वाईट वाटू नये म्हणून मी गमती तेवढ्या लिहिल्या. डोंगराच्या मध्यावरच्या त्या तळ्याशी, शेडपाशी जाण्याआधी, मी दहा मिनिटं नुसती उभी होते. पाणी इतकं हिरवं होतं, की मला ते हिरवं वाटेना, आणि इतकं गप्प होतं, की झोहरासुद्धा बोलायची थांबली. पलीकडच्या डोंगराचं बर्फ पाण्यात उलटं दिसत होतं आणि त्यावरून एक बदक चालल्यासारखं गेलं. बाक होता. मी त्यावर बसले नाही. का, ते तुला सांगायला नको.

ता. क. ३. हे खरं तर पहिल्या पानावर लिहायचं होतं. हेमचंद्र नोव्हेंबरअखेर रिटायर होतात. नोकरी संपली की रेसिडेन्स संपतो, म्हणजे डिसेंबरमध्ये आम्ही कायमचे पुण्याला. सगळे विचारतात, आनंद झाला ना? मी ‘हो’ म्हणते. पुण्यात आता मला ओळखणारं तुझ्याखेरीज कुणी उरलेलं नाही, आणि तूच फोनवर येत नाहीस. तीन वर्षांपूर्वी इकडे यायचं म्हणून काढलेले तुम्हा दोघांचे पासपोर्ट कपाटात कोरे पडून आहेत. त्यांच्या पहिल्या दोन पानांची झेरॉक्स पाठव, व्हिजिट व्हिसा हेमचंद्र करतील. ऑक्टोबरमध्ये डोळा बरा झाला की दोघंही या, सहा आठवडे राहा, आणि जाताना आपण चौघं एकाच विमानाने जाऊ. हेमचंद्रांना मी सांगितलंय, की सामान बांधायला तुझी मदत हवी. सामान झोहरा बांधणार आहे, तिने दोरी आणूनही ठेवली आहे. मला फक्त पुण्याच्या विमानतळावर तुझ्याबरोबर उतरायचं आहे, म्हणजे मी परत आले असं न वाटता आपण दोघी कुठूनतरी जाऊन आलो असं वाटेल. आणि नाही म्हणायचं असेल तर फोन करू नकोस, पत्रानेच कळव. पत्र यायला पंधरा दिवस लागतात. तेवढे दिवस तरी तू येणार आहेस असं धरून मी पाहुण्यांच्या खोलीचे पडदे धुवून घेईन.